जप्त झालेल्या गाडीचा मालक

श्रोतेहो, नमस्कार.

पत्रादेवीचा नाका ओलांडला की रस्ता तोच राहतो, कायदा मात्र बदलतो. गोव्यात दारूबंदी नाही; १९६४ च्या आपल्या अबकारी कायद्याचा रोख कर आणि परवाने यांवर आहे. पलीकडे सिंधुदुर्गात मुंबई प्रांताच्या काळातला १९४९ चा दारूबंदी कायदा आजही लागू आहे. बांद्याला दारूची दुकाने उघडी दिसतात, म्हणून आपल्या डिकीतली खोकीही चालतील असे अनेकांना वाटते. पण परवान्याशिवाय नेलेली गोव्याची दारू तिथे गुन्ह्याचा मुद्देमाल ठरते, आणि ती वाहून नेणारी गाडीही तिच्याबरोबर अडकते. चालक बहुधा लवकर जामिनावर सुटतो. गाडी उघड्या आवारात पाऊस खात उभी राहते आणि बँकेचा हप्ता चालूच असतो.

इथे दोन शब्दांची गल्लत होते. जप्ती म्हणजे तपासासाठी गाडी ताब्यात घेणे. गाडी सरकारजमा करणे म्हणजे तिची मालकीच काढून घेणे. पहिले काम अधिकारी नाक्यावर करतो, दुसऱ्यासाठी महाराष्ट्राच्या कायद्यात सहसा न्यायालयाचा आदेश लागतो आणि त्याआधी हक्क सांगणाऱ्याचे म्हणणे ऐकावे लागते. गुन्हा घडू नये म्हणून आपण योग्य ती काळजी घेतली होती, अशी न्यायालयाची खात्री मालकाने पटवली, तर गाडी सरकारजमा होत नाही. मात्र ही खात्री पटवण्याचे ओझे मालकावर असते. भाड्याने गाड्या देणाऱ्या आपल्या व्यावसायिकांनी हे नीट लक्षात घ्यावे, कारण ‘मला ठाऊक नव्हते’ हे विधान एकट्याने फारसे टिकत नाही. भाडेकरार, ग्राहकाच्या लायसन्सची प्रत आणि दारू वाहून नेण्यास करारातच घातलेली लेखी मनाई यांनी त्याला बळ येते.

खटला संपेपर्यंत गाडीचे काय, हा खरा कळीचा प्रश्न आहे. सुंदरभाई अंबालाल देसाई विरुद्ध गुजरात राज्य या २००२ च्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने जप्त वाहने पोलीस ठाण्यांत वर्षानुवर्षे ठेवण्यात काहीच अर्थ नाही असे सांगून, छायाचित्रे व पंचनामा करून, हमी आणि तारण घेऊन ती परत देण्याची वाट दाखवली. गंमत अशी की त्या प्रकरणात आरोपी पोलीसच होते, आणि आरोप होता ठाण्यातला मुद्देमाल बदलल्याचा! हा आदेश फौजदारी प्रक्रिया संहितेच्या कलम ४५१ वर आधारलेला होता; जुलै २०२४ पासून त्या कलमाची जागा नव्या संहितेतील कलम ४९७ ने घेतली आहे.

मात्र काही राज्यांनी ही वाट कायद्यानेच अरुंद केली. गुजरातेत ठरावीक प्रमाणापेक्षा जास्त दारू सापडल्यास अंतिम निकालापर्यंत गाडी हमीवर सोडू नये, अशी तरतूद तिथल्या दारूबंदी कायद्याच्या कलम ९८ मध्ये आली; त्यामुळे मालक राज्यघटनेच्या अनुच्छेद २२६ खाली थेट उच्च न्यायालयात जाऊ लागले आणि अटी घालून अनेक गाड्या सुटल्या. बिहारच्या २०१६ च्या कायद्याने तर गाडी सरकारजमा करण्याचा अधिकार जिल्हाधिकाऱ्याला देऊन फौजदारी न्यायालयांना त्या वाटेतून बाजूला केले. बंदी राबवणाऱ्या यंत्रणेनेच मालमत्तेचा निवाडाही करावा, ही रचना मला मुळातच सदोष वाटते. पाटणा उच्च न्यायालयात याचिकांची रीघ लागली, आणि २०२२ च्या दुरुस्तीने दंड भरून वाहन सोडवण्याची सोय करावी लागली.

या साऱ्या वादांच्या मुळाशी अनुच्छेद ३००-अ आहे. कायद्याच्या आधाराविना कोणाचीही मालमत्ता हिरावता येत नाही, असे तो सांगतो. मध्य प्रदेशातील गोवंशाच्या प्रकरणात आरोपी सुटल्यावरही ट्रक सरकारजमा ठेवला गेला, तेव्हा २०२२ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने याच अनुच्छेदाचा आधार घेऊन तो आदेश रद्द केला. कायदा दारूबंदीचा नव्हता, पण हाच युक्तिवाद दारूबंदीच्या खटल्यांतही मांडता येतो.

तेव्हा गाडी अडकली तर नोंदणीपत्र, विमा आणि भाडेकरार घेऊन, खटल्याच्या निकालाची वाट न पाहता, मालकाने स्वतःच्या नावाने न्यायालयात अर्ज करावा. हमीवर गाडी मिळाली, तरी ती विकायची नाही, तिचा रंग वा रूप बदलायचे नाही आणि न्यायालय बोलावील तेव्हा हजर करायची, अशा अटी सहसा असतात. त्या मोडल्या तर तारण म्हणून दिलेली रक्कमही हातची जाते.

नमस्कार.