दोन माईक, एक सुतळी आणि ड्रम किट

राम राम मंडळी! आज ड्रम रेकॉर्ड करायला माईक कसे लावायचे ते बघू. मागे तो कूलर दिसतोय ना, तो बंद आहे. बाहेर नागपूरचा मे महिना, आम्ही गच्चीखालच्या खोलीत, आणि ड्रमवर बसलेला माझा भाचा खाऊ की गिळू असा माझ्याकडे बघतोय. पण इलाज नाही. कूलरची घरघर तर येतेच, शिवाय ती ओली हवा थेट कंडेन्सर माईकवर (विजेवर चालणारा नाजूक माईक) आली की माईक चरचरायला लागू शकतो.

पोट्टे नेहमी विचारतात, "भाऊ, ड्रमला माईक किती लागतात?" मी म्हणतो, आधी दोन आणि सुतळीचा तुकडा. हसू नका राजेहो.

पहिल्यांदा मी सात माईक भाड्याने आणले होते. एकेक ऐकला तर झकास. सगळे एकदम उघडले आणि स्नेअरचा (ड्रमरच्या पुढ्यातला छोटा, कडक वाजणारा ड्रम) आवाज पार बसला, पत्र्याच्या डब्यावर चमचा आपटावा तसा. तीन दिवस इक्वलायझर (आवाजातले जाड-बारीक सूर कमी-जास्त करायचं साधन) पिळत बसलो. दोष त्याचा नव्हताच.

(कॅमेरा स्नेअरवर)

हे बघा. आवाज एका मिलिसेकंदात साधारण 34 सेंटिमीटर जातो. एक माईक स्नेअरपासून 80 सेंटिमीटरवर आणि दुसरा 114 वर असेल, तर तोच ठोका दुसऱ्याकडे एक मिलिसेकंद उशिरा पोचतो. दोन्ही सारख्या जोराने मिसळले, की 500 हर्ट्झच्या (सेकंदाला 500 कंपनं) आसपास एकाची लाट वर असताना दुसऱ्याची खाली. एकमेकांना खाऊन टाकतात. पुढे 1500, 2500 वरही तेच. स्नेअरचं अंगच जातं, मग इक्वलायझरने वाढवणार काय?

आता सुतळी. एक टोक स्नेअरच्या मधोमध टेपने चिकटवा. त्याच्या सरळ वर ड्रमच्या दोन काठ्यांच्या अंतरावर, म्हणजे साधारण 80 सेंटिमीटरवर, पहिला माईक, तोंड खाली. सुतळी माईकच्या तोंडापर्यंत ताणा आणि तिथे गाठ मारा. उरलेली सुतळी खाली आणा आणि किकवर (पायाने वाजवायचा मोठा ड्रम) बीटर, म्हणजे पेडलचा हातोडा, जिथे आदळतो तिथे टोक चिकटवा. झाला त्रिकोण.

आता फक्त गाठ धरायची आणि ड्रमरच्या उजव्या खांद्यावर न्यायची. दोन्ही बाजू ताठ झाल्या की थांबा. तिथे दुसऱ्या माईकचं तोंड, नजर स्नेअरकडे. दोन्ही माईकांपासून स्नेअर सारख्याच अंतरावर, किकही सारख्याच. मग एक डाव्या स्पीकरकडे, एक उजव्या स्पीकरकडे वळवा (यालाच पॅन करणं म्हणतात), स्नेअर-किक मध्यभागी ठाण मांडून बसतात. (डावखुरा ड्रमर असेल तर खांदा बदला.) उन्हाळ्यात, 45 अंशांत, आवाज थोडा जोरात धावतो, सेकंदाला 357 मीटरच्या आसपास. धावू द्या, दोघांसाठी सारखाच धावतो.

मोजक्या माईकांचं काम हलकं समजू नका. 1968 मध्ये लंडनच्या ऑलिंपिक स्टुडिओत रेकॉर्डिंग इंजिनिअर ग्लिन जॉन्स यांनी लेड झेपेलिन या रॉक बँडचा पहिला अल्बम रेकॉर्ड केला, तेव्हा ड्रमवर मोजकेच माईक होते. त्यांची मांडणी वेगळी, पण स्नेअरपासून सारखं अंतर ही गोम तीच. फक्त त्यांच्याकडे प्रशस्त हॉल होता. आपल्याकडे डोक्यावर स्लॅब. म्हणून मी माईकांच्या वर जुनी गादी टांगलीय. शेजारच्या काकूंची आहे, संध्याकाळी परत द्यायचीय.

तिसरा माईक मिळाला तर किकला. पुढच्या कातड्याच्या भोकातून आत, बीटरजवळ नेला तर टकटक जास्त. भोकाशी ठेवला तर धम्म जास्त. मला भोकापासून चार बोटं आत आवडतो. तो लावल्यावर पोलॅरिटीचं बटण (माईकची लाट उलटी करणारं) दाबून बघा. बटण दाबून किंवा न दाबता, जसं किक जाड वाटेल तसं ठेवा.

चौथा स्नेअरला, कडेपासून दोन बोटं वर, मध्याकडे वळवलेला, पाठ हाय-हॅटकडे (पायाने उघडझाप होणारी झांजांची जोडी). कार्डिऑइड म्हणजे मुख्यतः समोरचं ऐकणाऱ्या माईकला पाठीमागचं कमी ऐकू येतं, तोच फायदा घ्यायचा. टॉमचे (किटमधले बाकीचे गोल ड्रम) माईक? टॉम नीट ट्यून केलेले असतील तर मी लावतच नाही.

आता दोन टेक, म्हणजे दोन रेकॉर्डिंग, ऐकवतो. पहिल्यात दुसरा माईक अंदाजाने ठेवलाय, दुसऱ्यात सुतळीने. बाकी काही हलवलं नाही. हेडफोन लावा, मोबाइलच्या स्पीकरवर किक कळणारच नाही.

चल रे, वाजव. झालं की लगेच कूलर लावतो.