डेनिस पॉटर : टीव्हीवर जीव टाकणारा नाटककार

श्रोतेहो, नमस्कार.

टीव्हीसाठी लिहायचं ते पोटासाठी आणि नाव कमवायचं ते रंगभूमीवर, असं मानणारे लेखक पुष्कळ. ब्रिटनमधले डेनिस पॉटर त्यांतले नव्हते. १९३५ साली फॉरेस्ट ऑफ डीन या कोळसाखाणींच्या मुलखात, खाणकामगाराच्या घरी ते जन्मले आणि ऑक्सफर्डला शिकले. नाटकाचं तिकीट ठरावीक लोकच काढतात. टीव्ही मात्र खाणकामगाराच्या आणि प्राध्यापकाच्या घरात एकाच वेळी पोचतो. म्हणून त्यांनी टीव्ही निवडला.

१९६४ मध्ये मजूर पक्षातर्फे ते निवडणुकीला उभे राहिले आणि हरले. त्याआधीच सोरायसिस आणि त्याच्याबरोबर येणाऱ्या संधिवातानं त्यांना गाठलं होतं. कातडी सोलवटायची, बोटं आखडायची. तशाच हातांनी ते लिहीत राहिले.

१९७८ ची ‘पेनीज फ्रॉम हेवन’ ही मालिका घ्या. आर्थर हा गाण्यांच्या छापील प्रती विकणारा फिरता विक्रेता. त्याच्या मनात काही दाटून आलं, की १९३० च्या दशकातली जुनी ध्वनिमुद्रिका वाजू लागते आणि तो नुसते ओठ हलवतो. एकदा तर बाईचा आवाज! पार्श्वगायनावर वाढलेल्या आपल्याला ओठ हलवण्याचं नवल नाही. पण इथे त्या उसन्या आवाजाचं उसनेपण मुद्दाम दिसू दिलं आहे, आणि त्यातूनच आर्थरची तडफड उघडी पडते.

१९८६ ची ‘द सिंगिंग डिटेक्टिव्ह’ मला त्यांची सर्वांत मोठी कृती वाटते. त्यांच्याच आजारानं जखडलेला एक लेखक रुग्णालयात पडून मनातल्या मनात रहस्यकथा रचतो. तीत बालपणीचं रान घुसतं, आईची आठवण घुसते. वॉर्डातले डॉक्टर मध्येच गाऊ लागतात. मायकेल गॅम्बन यांनी त्या लेखकाची भूमिका केली. इतकी गुंतागुंतीची गोष्ट घराघरांतल्या प्रेक्षकांपुढे ठेवायला केवढा विश्वास लागत असेल!

फेब्रुवारी १९९४ मध्ये कर्करोगाचं निदान झालं. टीव्हीवरचे मुलाखतकार मेल्विन ब्रॅग यांना मुलाखत देताना ते वेदना थोपवायला मॉर्फिनचे घोट घेत होते. शेवटच्या दोन मालिका बीबीसी आणि चॅनल फोर या प्रतिस्पर्ध्यांनी मिळून दाखवाव्यात, अशी इच्छा त्यांनी त्यात बोलून दाखवली. लिखाण पुरं करून जूनमध्ये ते गेले. १९९६ मध्ये ‘कॅरिओकी’ आधी बीबीसीवर, ‘कोल्ड लॅझरस’ आधी चॅनल फोरवर लागली. दोन्ही मालिका दोन्ही वाहिन्यांनी दाखवल्या.