सरकारी जमीन कुणाला, कशी?

नमस्कार, श्रोतेहो. आज सरकारी जमिनीच्या वाटपाविरुद्ध दाद मागण्याबद्दल बोलू. उजनी धरणग्रस्तांच्या पुनर्वसनापासून गायरानातल्या अतिक्रमणांपर्यंत हा विषय आपल्या सोलापूर जिल्ह्याला नवा नाही. गावात अमुक संस्थेला गायरान मिळालं अशी कुणकुण लागते, चावडीवर दोन दिवस धुसफूस होते आणि मग कुणीतरी म्हणतं, "चला, फेरफाराला हरकत घेऊ."

घोटाळा इथेच होतो. फेरफार ही जमिनीच्या हक्कात झालेल्या बदलाची गावदप्तरातली नुसती नोंद असते. नोंदीने मालकी मिळत नाही आणि नोंद रद्द झाली म्हणून वाटपही रद्द होत नाही. प्रांताधिकाऱ्यांकडे फेरफाराचं अपील वर्षभर चालतं, तारखा पडत राहतात आणि जिल्हाधिकाऱ्यांचा मूळ वाटपाचा आदेश फाइलीत सुखाने पडून असतो. तेव्हा आधी सातबारा घ्या. भोगवटादार वर्ग 2, म्हणजे परवानगीशिवाय विकता न येणारी जमीन, असं लिहिलंय का आणि 'इतर हक्क' या रकान्यात काय आहे ते पाहा. तिथे किंवा फेरफारात आदेशाचा क्रमांक आणि तारीख सापडते. तो आदेश गाठायचा. नकलेचा अर्ज द्या आणि पोच जपून ठेवा.

महाराष्ट्र जमीन महसूल संहिता 1966 च्या कलम 250 प्रमाणे जिल्हाधिकाऱ्यांपेक्षा खालच्या अधिकाऱ्याच्या आदेशावर अपिलाला 60 दिवस आहेत, इतर आदेशांवर 90. आदेश हातात पडला तिथून दिवस मोजायचे. उशीर झालाच तर कलम 251 खाली सबळ कारण दाखवून माफी मागता येते, पण "आम्हाला माहीतच नव्हतं" एवढ्यावर भागत नाही. कधी कळलं आणि कसं कळलं, ते सांगावं लागतं. जिल्हाधिकाऱ्यांच्या आदेशावरचं अपील पुण्याला, विभागीय आयुक्तांकडे. निर्णय थेट मंत्रालयातून झाला असेल तर उच्च न्यायालयात रिट, म्हणजे सरकारी निर्णयाला थेट आव्हान देणारी याचिका. त्यासाठी पूर्वी सिद्धेश्वर एक्सप्रेसने रात्रभर मुंबई गाठावी लागायची. 18 ऑगस्ट 2025 पासून कोल्हापूरला उच्च न्यायालयाचं सर्किट बेंच, म्हणजे फिरतं खंडपीठ, सुरू झालंय आणि सोलापूर त्याच्याच कक्षेत येतं. पक्षकाराच्या खिशाला हा मोठाच दिलासा.

कोर्ट पाहतं काय? संस्था चांगली की वाईट, हा तिथे दुय्यम मुद्दा. गावकरी आपल्या अर्जात तीन पानं संस्थाचालकाची उणीदुणी काढतात, त्याचा काडीचा उपयोग होत नाही. जमीन देण्याआधी जाहिरात निघाली का, इतरांना अर्ज करायची संधी मिळाली का, किंमत कोणत्या आधारावर धरली, हे विचारा. 2011 साली सर्वोच्च न्यायालयाने भोपाळमधलं एका न्यासाला दिलेलं 20 एकरांचं वाटप रद्द केलं. जाहिरात न देता, कुणालाही स्पर्धेत न घेता ते दिलं होतं, हे त्यातलं मुख्य कारण. नोव्हेंबर 2024 मध्ये हैदराबादचं प्रकरण निकाली निघालं. आमदार, खासदार, न्यायाधीश, सनदी अधिकारी आणि पत्रकारांच्या गृहनिर्माण संस्थांना स्वस्तात दिलेल्या जमिनी समानतेच्या कसोटीला उतरल्या नाहीत. न्यायाधीशांच्याही जमिनी त्यात होत्या, हे मला विशेष वाटतं. अर्थात प्रत्येक वेळी लिलावच हवा असं नाही. तसं बंधन नाही, हे सर्वोच्च न्यायालयानेच 2012 साली स्पष्ट केलंय. भूमिहीनाला किंवा धरणग्रस्ताला लिलाव न करता जमीन देता येते, फक्त निकष आधी ठरलेले हवेत.

गायरानाचं मात्र जरा वेगळं. गावच्या सामाईक जमिनींवरची अतिक्रमणं हटवा, असं सांगणाऱ्या सर्वोच्च न्यायालयाच्या जानेवारी 2011 च्या जगपाल सिंग निकालानंतर आपल्या सरकारने 12 जुलै 2011 ला शासन निर्णय काढला. खाजगी व्यक्ती वा संस्थेला गायरान देऊ नये, सार्वजनिक कामालाही दुसरी जागा नसेल तरच विचार करावा, असं त्याचं धोरण. म्हणून गावातली दुसरी सरकारी पड जमीन कोणत्या गटात आहे, त्याचे उतारे अर्जाला जोडा. "पर्यायी जागा नाही" हा शेरा अनेकदा नुसता टेबलावर बसून मारलेला असतो. तो खोडायला दोन उतारे पुरतात.

आणखी एक. अपील दाखल केलं म्हणून समोरच्याचं बांधकाम थांबत नाही. स्थगितीचा अर्ज वेगळा द्यावा लागतो आणि तो अपिलासोबत, पहिल्याच दिवशी. पाया भरून स्लॅब पडला की कोर्टालाही झालेला खर्च आणि राहायला आलेली माणसं यांचा विचार करावा लागतो.