दागिने देवाचे, किल्ली कुणाची?

मंडळी, आधी एक नोंद वाचून दाखवतो. एका गावच्या देवीच्या जुन्या वहीतली. ‘पुतळ्यांची माळ, एक.’ एवढीच. पुतळ्या किती, वजन किती, कुणी वाहिली, काही नाही. मी तेव्हा एका बाजूचा वकील होतो. न्यायालयाच्या हुकमानं पेटी उघडली, पंचांसमोर माळ पांढऱ्या कापडावर ठेवली. मोजल्या तर २७ पुतळ्या निघाल्या. पुतळ्या झिजून गुळगुळीत झालेल्या आणि त्या ओवलेला लाल रेशमी दोरा मात्र कोरा करकरीत. एक पक्ष म्हणाला, पूर्वी ४० होत्या. दुसरा म्हणाला, आमच्या ताब्यात आल्या तेव्हा एवढ्याच होत्या. आणि दोघंही त्याच वहीकडे बोट दाखवत होते. वहीत माळ एक होती, पेटीतूनही एकच निघाली.

देवस्थानांच्या कज्ज्यांत मला तीसेक वर्षं झाली. लोक मला विचारतात, हे दागिने नक्की कुणाचे? कायद्याच्या दृष्टीनं या प्रश्नाचं उत्तर फार जुनं आहे. १८८७ साली मुंबई उच्च न्यायालयापुढे डाकोरच्या रणछोडरायाचा खटला आला होता. तिथले सेवक भाविकांनी वाहिलेलं द्रव्य आपलंच समजत होते. न्यायालयानं सांगितलं की देवस्थान ही कायद्याच्या नजरेत व्यक्ती आहे आणि तिच्या वतीनं जो घेतो त्यानं हिशेब दिला पाहिजे. पुढे १९२५ मध्ये कोलकात्याच्या मल्लिक घराण्याचा वाद लंडनच्या प्रिव्ही कौन्सिलपर्यंत, म्हणजे तेव्हाच्या सर्वांत वरच्या अपील न्यायालयापर्यंत गेला. पूजेची पाळी आली की मूर्ती आपल्या घरी नेता येईल का, एवढाच मूळ मुद्दा. न्यायमूर्ती म्हणाले, मूर्ती म्हणजे उचलून न्यायची वस्तू नव्हे, तिच्याही इच्छेचा विचार व्हायला हवा. तिची बाजू मांडायला भांडणात हितसंबंध नसलेला माणूस नेमा. मला हा निकाल फार मोलाचा वाटतो. दोन भाऊबंद भांडत असतात तेव्हा खोलीत तिसरा पक्षकार बसलेला असतो आणि त्याला बोलता येत नाही, हे त्यांनी ओळखलं.

मुदतीचंही तसंच. ‘इतकी वर्षं आमच्याकडेच आहे’ हा बचाव वहिवाटदाराला, म्हणजे देवस्थानचा कारभार सांभाळणाऱ्याला, सहसा उपयोगी पडत नाही. १९६३च्या मुदत कायद्याच्या कलम १० प्रमाणे देवस्थानची मालमत्ता सांभाळणारा हा विश्वस्त धरला जातो आणि त्याच्याकडून ती परत मिळवण्याच्या दाव्याला कालमर्यादा नाही.

मग भांडणं होतात कशावरून? किल्लीवरून आणि यादीवरून.

तिरुवनंतपुरमच्या पद्मनाभस्वामी मंदिराचं नाव घेतलं की सगळ्यांना तिथल्या खजिन्याचा एक लाख कोटींचा आकडा आठवतो. २०११ साली कल्लरा, म्हणजे तिथली तळघरं, उघडली तेव्हा वर्तमानपत्रांनी तो आकडा घरोघर पोचवला. मला महत्त्वाचा वाटतो तो १३ जुलै २०२०चा निकाल. आपल्या सोलापूरचे न्यायमूर्ती उदय लळित आणि न्यायमूर्ती इंदू मल्होत्रा यांच्या खंडपीठानं तो दिला. १९९१ मध्ये त्रावणकोरचे शेवटचे महाराज वारले, तेव्हा त्यांच्याबरोबर देवस्थान सांभाळण्याचा घराण्याचा हक्कही संपला का, असा प्रश्न होता. निकाल आला की संपला नाही, शेबाईत म्हणजे आपल्या भाषेत वहिवाटदार म्हणून घराणं कायम आहे. पण ठेवा देवाचा. घराण्यानंही मालकी सांगितली नव्हती. कारभार जिल्हा न्यायाधीशांच्या अध्यक्षतेखालच्या समितीकडे गेला.

पुरीची गोष्ट किल्लीची. जगन्नाथाच्या रत्नभांडाराची यादी १९७८ साली झाली, त्यानंतर थेट २०१८ मध्ये पाहणीची वेळ आली, तर आतल्या खोलीची किल्लीच सापडेना. अखेर जुलै २०२४ मध्ये कुलपं तोडून दार उघडलं. मधली ४६ वर्षं नव्यानं मोजदाद झालीच नव्हती. याला मी हलगर्जीपणाच म्हणेन, मग त्याला श्रद्धेचं कितीही पांघरूण घाला.

शबरीमलाचं प्रकरण तर एका शब्दाचं आहे. द्वारपालांच्या मूर्तींवरचे सोन्यानं मढवलेले पत्रे २०१९ मध्ये कामासाठी बाहेर गेले, ते कागदावर ‘तांब्याचे पत्रे’ म्हणून. २०२५ मध्ये केरळ उच्च न्यायालयानं विशेष तपास पथक नेमलं. दोषी कोण ते न्यायालय ठरवेल. पण सोन्याला तांबं लिहिलं की पुढचा चोर शोधायचा कशाच्या आधारावर?

आपल्याकडे पंढरपूरला बडवे-उत्पातांच्या, म्हणजे विठ्ठल-रुक्मिणीच्या पिढीजात पुजाऱ्यांच्या, हक्कांचा लढा १९७३च्या कायद्यापासून २०१४च्या सर्वोच्च न्यायालयाच्या निकालापर्यंत चालला. तो इतिहास तुम्हाला ठाऊक आहे. मला आज समोर बसलेल्या लहान देवस्थानांच्या विश्वस्तांशी बोलायचं आहे, कारण खरी गळती तिथे आहे. देवाची जमीन विकायची तर महाराष्ट्र सार्वजनिक विश्वस्तव्यवस्था अधिनियमाच्या कलम ३६ खाली धर्मादाय आयुक्तांची आधी परवानगी लागते. ते कलम स्थावराचं आहे, दागिन्याला त्याची ढाल नाही. दागिन्याचं रक्षण करते ती तुमची यादी. म्हणून प्रत्येक दागिना सोनाराकडून तोलून घ्या. कस लिहा, खडे मोजा, एखादा खडा निखळला असेल तर तेही लिहा, दोन बाजूंनी फोटो काढा. नवा दागिना आला की नोंदीत बदल करून घ्या, त्यासाठीचा अर्ज, म्हणजे चेंज रिपोर्ट, पुढच्या सभेवर ढकलू नका. आणि पंचनाम्यात ‘पिवळ्या धातूची वस्तू’ असं लिहून सोडू नका. पोलिसांना ते लिहावं लागतं. तुम्ही सोनार बोलावू शकता.

त्या माळेचं काय झालं, हे मघापासून कुणीतरी विचारणार होतं. नवी यादी झाली, २७ पुतळ्या, वजन, दोऱ्याचा रंगसुद्धा, खाली दोन्ही घरांच्या सह्या. उरलेल्या १३ पुतळ्यांसाठी मी दोन वर्षं साक्षी नोंदवल्या. ऐंशीच्या घरातल्या एका आजींनी लहानपणी पालखीच्या दिवशी ती माळ बोटांनी मोजल्याचं सांगितलं, ४० पर्यंत. उलटतपासणीत त्यांना सालच आठवेना. निकालपत्रात त्या मुद्द्यापुढे दोनच शब्द होते, ‘शाबीत नाही’.