बुचर हॉलरची लोरेटा

(पडद्यावर: धुक्यातले डोंगर, ओढा, चढावर लाकडी घर. आवाज फक्त पाण्याचा.)

पक्का रस्ता मागे राहतो आणि दोन्हीकडचे डोंगर जवळ येऊ लागतात. मधून ओढा वाहतो, ओढ्याच्या काठाने वाट जाते. अमेरिकेच्या केंटकी राज्यात, पूर्वेकडच्या अ‍ॅपलाचियन डोंगरांत, अशा घळीला ‘हॉलर’ म्हणतात. ही घळ बुचर हॉलर. जवळचं गाव व्हॅन लिअर, कोळशाच्या खाणीवर जगणारं.

14 एप्रिल 1932 रोजी इथल्या वेब कुटुंबात एक मुलगी जन्मली. घराच्या फटींतून थंडी आत येऊ नये म्हणून आईने भिंतींवर जुन्या वर्तमानपत्रांची आणि मासिकांची पानं चिकटवली होती. त्यांत लोरेटा यंग या सिनेनटीचा फोटो होता. तिचंच नाव मुलीला ठेवलं. लोरेटा. हीच पुढची प्रसिद्ध गायिका लोरेटा लिन.

आठ भावंडांतली ही दुसरी. म्हणजे धाकट्यांना कडेवर घेऊन झोपवण्याचं काम हिच्याकडे. गाणं तिथेच सुरू झालं. घरात बॅटरीवर चालणारा रेडिओ होता. शनिवारी रात्री नॅशव्हिल शहरातून ‘ग्रँड ओल ऑप्री’ हा कार्यक्रम लागायचा, तो ऐकायला सगळं घर जमायचं. या संगीताला कंट्री म्हणतात. स्कॉटलंड, आयर्लंड, इंग्लंडमधून आलेल्यांनी सोबत आणलेली कथागीतं आणि फिडल म्हणजे व्हायोलिन, आफ्रिकेतून गुलाम करून आणलेल्या माणसांचं बँजो हे तंतुवाद्य, चर्चमधली भजनं, या सगळ्यांतून ते घडलं. त्यात शब्दांना मान मोठा. ऐकणाऱ्याला गोष्ट कळली पाहिजे.

जानेवारी 1948 मध्ये लोरेटाचं लग्न झालं. तेराव्या वर्षी झालं, असं ती पुढे कायम सांगत आली. 2012 मध्ये जुनी कागदपत्रं समोर आली आणि कळलं, तेव्हा ती पंधरा वर्षांची होती. दोन वर्षांच्या या फरकाची तेव्हा बरीच चर्चा झाली. पण पंधरा वर्षांची मुलगीसुद्धा लहानच. नवरा ऑलिव्हर लिन, एकवीस वर्षांचा, सैन्यातून परतलेला. सगळे त्याला डू म्हणायचे.

वर्षभराच्या आतच दोघं देशाच्या पार दुसऱ्या टोकाला गेले. वॉशिंग्टन राज्यातलं कस्टर, कॅनडाच्या सीमेजवळ. लोरेटा तेव्हा गरोदर होती. माहेर हजारो मैल मागे राहिलं. विशीच्या सुरुवातीलाच पदरात चार मुलं होती. दुसऱ्यांच्या घरचा स्वयंपाक, धुणं, साफसफाई, हंगामात स्ट्रॉबेरी तोडायला जाणं. काम करताना ती गुणगुणायची, आणि ते डूच्या कानावर पडायचं.

(पडद्यावर: स्वस्तातली एक गिटार. तारेवर बोट पडतं.)

1953 मध्ये डूने तिला एक गिटार आणून दिली. हार्मनी कंपनीची, सतरा डॉलरची. शिकवायला कोणी नव्हतं. मुलं झोपली की ती एकटी बसून सूर शोधायची. पुढे डूनेच तिला लोकांसमोर उभं केलं. ती लाजायची, नको म्हणायची. तो ऐकायचा नाही. लोरेटाच्या आयुष्यातली सर्वांत अवघड गोष्ट इथेच आहे. हा माणूस दारू प्यायचा, बाहेरख्याली होता, घरात मारामारी व्हायची. हे तिने स्वतः लिहिलंय, काहीही न लपवता. आणि डू नसता तर मी गायिका झालेच नसते, हेही तिनेच सांगितलंय. लग्न टिकलं अठ्ठेचाळीस वर्षं, 1996 मध्ये तो जाईपर्यंत. त्या लग्नाबद्दल निवाडा देण्याचा अधिकार आपल्याला नाही. तिने त्यातून काय लिहिलं, ते मात्र ऐकायला हवं.

1960 मध्ये लॉस एंजेलिसला पहिलं गाणं ध्वनिमुद्रित झालं. कंपनी लहान, जाहिरातीला पैसे नाहीत. मग नवरा-बायको रेकॉर्डी गाडीत घालून निघाले. वाटेत रेडिओ केंद्र दिसलं की थांबायचं, निवेदकाला विनवायचं, तबकडी हातात द्यायची, पुढचं गाव गाठायचं. झोपायचं गाडीतच. ते गाणं कंट्रीच्या लोकप्रिय गाण्यांच्या यादीत चौदाव्या क्रमांकापर्यंत गेलं. त्याच वर्षी ऑक्टोबरमध्ये लोरेटा ‘ग्रँड ओल ऑप्री’च्या मंचावर उभी होती. लहानपणी जो कार्यक्रम ऐकायला सगळं घर जमायचं, तोच हा.

नॅशव्हिलमध्ये तिला मैत्रीण भेटली, पॅट्सी क्लाइन. त्या काळची मोठी गायिका. 1961 मध्ये मोटार अपघातानंतर पॅट्सी रुग्णालयात होती. लोरेटाने रेडिओवर तिचं गाणं तिच्यासाठी गायलं, आणि पॅट्सीने तिला भेटायला बोलावून घेतलं. कपडे कसे निवडायचे, मंचावर कसं वावरायचं, पैशांचं बोलणं कसं करायचं, हे पॅट्सीने शिकवलं. जेमतेम दोन वर्षांचा सहवास. मार्च 1963 मध्ये विमान अपघातात पॅट्सी गेली. पुढच्या वर्षी लोरेटाला जुळ्या मुली झाल्या. त्यांतल्या एकीचं नाव तिने पॅट्सी ठेवलं.

(पडद्यावर: मंचामागची खोली, आरसा, दिवे.)

एका कार्यक्रमाआधी एक बाई मंचामागे आली. रडत होती. नवरा दुसऱ्या बाईला घेऊन आलाय आणि ती पुढच्या रांगेत बसलीये, म्हणाली. लोरेटाने पडद्याआडून त्या दुसऱ्या बाईकडे पाहिलं आणि हिला सांगितलं, तुझा नवरा हिरावून घेण्याइतकी काही ती बाई नाही. मग आत जाऊन तेच वाक्य धरून गाणं लिहिलं. 1966 मध्ये ते दुसऱ्या क्रमांकावर पोहोचलं. त्यानंतरचं गाणं दारू पिऊन रात्री घरी येणाऱ्या, आणि वर प्रेमाची अपेक्षा करणाऱ्या नवऱ्याला सुनावणारं. ते पहिल्या क्रमांकावर गेलं, तिचं पहिलंच. तोवर कंट्री गाण्यातली बाई बहुतेक वेळा विरहात झुरायची. ही समोर उभं राहून बोलत होती, आणि स्वयंपाकघरात रेडिओ लावून बसलेल्या बायकांना हे आपलंच चाललंय हे लगेच कळत होतं.

मग ‘द पिल’. विषय गर्भनिरोधक गोळी. वर्षानुवर्षं बाळंतपणं काढून थकलेली बायको नवऱ्याला सांगते: तुझं कोंबड्यांचं खुराडं आता मोडायचं, माझ्याकडे गोळी आहे. 1972 मध्ये ध्वनिमुद्रित झालेलं हे गाणं बाहेर आलं थेट 1975 मध्ये. कित्येक रेडिओ केंद्रांनी ते लावायला नकार दिला, केंटकीत एका पाद्र्याने चर्चमध्ये त्याचा निषेध केला. तरी ते कंट्रीच्या यादीत पाचव्या क्रमांकापर्यंत चढलं. खेड्यापाड्यांतले डॉक्टर तिला सांगत, आमच्या माहितीपत्रकांनी झालं नाही ते तुझ्या गाण्याने झालं. ती स्वतः सहा मुलांची आई होती. गोळी आधी मिळाली असती तर वापरली असती, असं ती उघड म्हणायची. सभासंमेलनांतून बायकांच्या हक्कांबद्दल बोलणाऱ्यांपैकी ती नव्हती. तिचं बोलणं दमलेल्या अंगातून येत होतं, म्हणूनच ते दूरच्या हॉलरमध्येही पोहोचलं असं मला वाटतं.

1972 मध्ये कंट्री म्युझिक असोसिएशनने वर्षातला सर्वोत्कृष्ट कलावंत म्हणून तिची निवड केली. हा मान मिळवणारी ती पहिली स्त्री.

(पडद्यावर: कोळशाने काळवंडलेले हात.)

वडील टेड वेब यांनी यातलं काही पाहिलं नाही. खाणीतल्या धुळीने त्यांची फुप्फुसं खराब झाली होती. 1959 मध्ये ते वारले, मुलीचं पहिलं गाणं निघण्याच्या वर्षभर आधी. दहा वर्षांनी लोरेटाने त्या घरावर गाणं लिहिलं, ‘कोल मायनर्स डॉटर’, खाणकामगाराची मुलगी. रात्रभर खाणीत आणि दिवसभर मक्याच्या शेतात राबणारा बाप, कपडे घासून बोटं सोलवटलेली आई. गाणं लांबलं होतं. निर्माते ओवेन ब्रॅडली यांनी काही कडवी कमी करायला लावली, आणि ते तिला फार जड गेलं. उपमा नाहीत, अलंकार नाहीत, नुसतं घर. डिसेंबर 1970 मध्ये ते पहिल्या क्रमांकावर पोहोचलं. पुढे याच नावाचं आत्मचरित्र आलं आणि 1980 मध्ये चित्रपट. लोरेटाची भूमिका करणाऱ्या सिसी स्पेसेकने त्यातली गाणी स्वतः गायली, आणि तिला ऑस्कर मिळालं.

1984 मध्ये मोठा मुलगा जॅक नदीत बुडून गेला. 2004 मध्ये, बहात्तराव्या वर्षी, लोरेटाने जॅक व्हाइट या तरुण रॉक संगीतकाराबरोबर अल्बम केला, ‘व्हॅन लिअर रोझ’. त्याला दोन ग्रॅमी मिळाले. 2013 मध्ये राष्ट्राध्यक्ष ओबामांच्या हस्ते प्रेसिडेन्शियल मेडल ऑफ फ्रीडम, अमेरिकेतला मोठा नागरी सन्मान. 2017 मध्ये पक्षाघात झाला. 4 ऑक्टोबर 2022 रोजी टेनेसीतल्या हरिकेन मिल्सच्या घरी, झोपेत, ती गेली. नव्वद वर्षांची होती.

(पडद्यावर: पुन्हा तेच लाकडी घर. आत येणारं ऊन.)

त्याआधी, 2021 मध्ये, तिचा पन्नासावा अल्बम आला. त्यात ‘कोल मायनर्स डॉटर’ पुन्हा आहे. या वेळी ती ते गात नाही, नुसतं बोलते. चाल बाजूला ठेवून एकेक ओळ सांगत जाते: खाण, मका, घासलेले कपडे, दिव्याखाली बायबल वाचणारी आई. अठ्ठ्याऐंशी वर्षांच्या आवाजात बुचर हॉलर हे नाव येतं, तिच्या गावच्या उच्चारात, जसंच्या तसं.