ट्रोजन रूमबाहेरचे कॉफीचे भांडे

मित्रहो, वेबकॅमच्या आरंभकाळाचा विषय निघाला की एक आख्यायिका हमखास सांगितली जाते: केंब्रिजच्या काही आळशी शास्त्रज्ञांना जिने चढायचा कंटाळा आला आणि त्यातून थेट प्रक्षेपणाचा जन्म झाला. या गोष्टीत तथ्य आहे, पण निम्मेच. जो भाग सांगता सांगता गळून पडला, त्याच्याविषयी मला आज बोलायचे आहे.

१९९१ साली केंब्रिज विद्यापीठाच्या संगणक प्रयोगशाळेत, ‘ट्रोजन रूम’ नावाच्या खोलीच्या बाहेरील बोळात, अनेकांत मिळून कॉफीचे एकच यंत्र होते. जवळ बसणाऱ्यांना ताजी कॉफी सहज मिळे. इमारतीच्या इतर भागांत बसणारे मात्र जिने चढून येत, तोवर भांडे रिकामे झालेले असे. म्हणजे मूळ प्रश्न आळसाचा नव्हता, वाटपाचा होता. क्वेंटिन स्टॅफर्ड-फ्रेझर आणि पॉल जार्डेट्स्की या तिथल्या संशोधकांनी भांड्यावर एक कॅमेरा रोखला आणि त्याची तार जमिनीखालून एका एकॉर्न आर्किमिडीज संगणकापर्यंत नेली. चित्र पाठवणारा प्रोग्राम जार्डेट्स्कींनी लिहिला, ते पडद्याच्या कोपऱ्यात दाखवणारा स्टॅफर्ड-फ्रेझर यांनी. चित्र करड्या छटांचे, १२८ बाय १२८ बिंदूंचे आणि मिनिटाला सुमारे तीनदा बदलणारे. भांडे सावकाश भरत असल्यामुळे तेवढे पुरे होते. याला चलच्चित्र म्हणणे हीसुद्धा आख्यायिकेचीच भर आहे. ती एकामागून एक येणारी स्थिरचित्रे होती.

शिवाय पहिली दोन वर्षे ती प्रयोगशाळेबाहेर कोणालाही दिसत नव्हती. ब्राउझरमध्ये चित्रे दिसू लागल्यानंतर, नोव्हेंबर १९९३ मध्ये, डॅनियल गॉर्डन आणि मार्टिन जॉन्सन यांनी ते भांडे जगापुढे आणले. ज्यांना त्या कॉफीचा एक घोटही मिळणार नव्हता, अशी माणसे आता ते पाहू लागली. पुढे जपानहून ईमेल आले की रात्री तिथे दिवा चालू ठेवता येईल का. कारण त्यांच्याकडे दिवस असे तेव्हा केंब्रिजचा बोळ अंधारात असे. या विनंतीपाशी मी नेहमी थबकतो. दूरदेशीच्या अनोळखी माणसांना परक्या बोळातले भांडे उजेडात हवे होते, आणि त्यात काही घडावे अशी त्यांची मुळीच अपेक्षा नव्हती.

माझ्या मते त्या काळाची हुरहुर याच गोष्टीसाठी आहे. १९९६ साली पेनसिल्व्हेनियातील डिकिन्सन कॉलेजची विद्यार्थिनी जेनिफर रिंग्ली हिने वसतिगृहाच्या खोलीत स्वतःचे रोजचे जगणे दाखवणारा ‘जेनिकॅम’ हा वेबकॅम सुरू केला, तेव्हा चर्चा झाली ती नग्नतेची आणि डोकावण्याची. ते त्यात होते, हे नाकारण्यात अर्थ नाही. पण नियमित पाहणाऱ्याच्या वाट्याला बहुतेक वेळा रिकामी खोली यायची, झोपलेली किंवा संगणकापुढे बसलेली मुलगी यायची. पुढच्या चित्रापर्यंत वाट पाहावी लागे, आणि त्या मधल्या वेळात पाहणारा मनानेच तिचा दिवस पुरा करी. २००३ च्या अखेरीस तिने तो कॅमेरा बंद केला. आज अखंड हलणाऱ्या, बोलणाऱ्या, दाद मागणाऱ्या प्रक्षेपणात ती रिकामी जागाच उरलेली नाही, याचे मला मनापासून वाईट वाटते.

आपल्याकडे विदेश संचार निगमने सर्वसामान्यांसाठी इंटरनेट खुले केले ते १५ ऑगस्ट १९९५ रोजी. तोवर केंब्रिजचे भांडे जगजाहीर होऊन पावणेदोन वर्षे झाली होती, त्यामुळे आपल्यातील अनेकांना ते आख्यायिका होऊनच भेटले.

प्रयोगशाळा नव्या इमारतीत जायची असल्याने २२ ऑगस्ट २००१ रोजी कॅमेरा थांबवण्यात आला. शेवटच्या चित्रात बटण दाबणारी बोटे दिसतात. कॅमेऱ्यापुढे त्या दहा वर्षांत एकच नव्हे, चार-पाच यंत्रे येऊन गेली होती. त्यांतले शेवटचे, क्रुप्स बनावटीचे, लिलावात ३,३५० पौंडांना जर्मनीच्या ‘श्पीगल ऑनलाइन’ या वृत्तसंकेतस्थळाने घेतले आणि दुरुस्त करवून पुन्हा चालते केले.

सॅन फ्रान्सिस्को स्टेट युनिव्हर्सिटीच्या आवारातला, १९९४ पासूनचा ‘फॉगकॅम’ हा वेबकॅमही २०१९ मध्ये बंद होणार होता. त्याचे जनक जेफ श्वार्ट्झ आणि डॅन वाँग यांनी तसे जाहीरही केले होते. लोक हळहळले, विद्यापीठाने तो चालू ठेवायचे मान्य केले, आणि त्या कॅमेऱ्यात धुके दिसत राहिले.