गाडीतली लय

मित्रहो, संगीत आणि रस्ते सुरक्षा असा विषय निघाला की पहिल्यांदा आठवतात ते 'गाणारे रस्ते'. रस्त्यावर मोजून-मापून आडव्या खाचा पाडायच्या, त्यांवरून चाकं गेली की गाडी थरथरते आणि सूर उमटतो. खाचा जवळजवळ असतील तर सूर उंच, दूरदूर असतील तर खालचा. ताशी ६० किलोमीटर वेगाला सेकंदाला ४४० कंपनांचा सूर हवा असेल, तर दोन खाचांमध्ये जेमतेम पावणेचार सेंटिमीटर अंतर ठेवावं लागतं. डेन्मार्कमध्ये गिलिंग इथे १९९५ साली दोन कलाकारांनी असा रस्ता केला, तिथे खाचांऐवजी उंचवटे होते. पुढे जपानमध्ये असे बरेच रस्ते झाले.

ठरलेल्या वेगात गाडी चालवली तरच धून नीट ऐकू येते, म्हणून चालक वेग आवरतात, असं या रस्त्यांबद्दल सांगतात. मला हे पुरतं पटत नाही. वेग वाढला की सगळेच सूर सारख्या प्रमाणात चढतात, त्यामुळे सुरांचं आपसातलं नातं बदलत नाही. ६०च्या जागी १२०ने गेलात, तर तीच धून एक सप्तक वर आणि दुप्पट लयीत वाजेल. ती कशी लागते ते ऐकायला एखादा मुद्दाम वेग वाढवेल, ही भीती मला खरी वाटते.

शिवाय शेजारी राहणाऱ्यांचं काय? चालकाला धून अर्ध्या मिनिटात मागे टाकता येते, रस्त्यालगतच्या घराला ती रात्रंदिवस ऐकावी लागते. कॅलिफोर्नियातल्या लँकेस्टरमध्ये २००८ साली केलेला रस्ता रहिवाशांच्या तक्रारींमुळे उखडून दुसरीकडे न्यावा लागला. नेदरलँड्समध्ये येल्सुम गावाजवळचा २०१८चा प्रयोग तर काही दिवसांतच गुंडाळला. लोकांची झोप मोडून वाहतूक शांत केली असं म्हणता येणार नाही.

म्हणून माझं म्हणणं असं आहे की रस्त्याला गायला लावण्याआधी गाडीत काय वाजतंय ते बघू या. अनोळखी गल्लीत घर शोधताना किंवा अरुंद जागेत गाडी लावताना आपला हात आपोआप आवाज कमी करायला जातो. कुणी शिकवलेलं नसतं. संगीत आपल्या लक्षातला वाटा घेतं, हे शरीराला ठाऊक असतं. मग भर चौकात तेच आपण का विसरतो?

इस्रायलमधले संशोधक वॉरेन ब्रॉडस्की यांनी २००१ साली प्रसिद्ध केलेल्या अभ्यासात लोकांना सिम्युलेटरवर गाडी चालवायला दिली आणि वेगवेगळ्या लयीचं संगीत लावलं. द्रुत लयीत वेग वाढला, लाल दिवे जास्त तोडले गेले, गाड्या लेन सोडून जास्त भरकटल्या. पुढे त्यांनी ८५ नवशिक्या तरुण चालकांना खऱ्या रस्त्यावर नेलं. स्वतःच्या आवडीची गाणी लावल्यावर त्यांच्या चुका वाढल्या, आणि मुद्दाम गाडीसाठी बांधलेलं संगीत लावल्यावर त्या कमी झाल्या. आवडतं गाणं आपल्याला आत ओढून घेतं, ओठ शब्द म्हणू लागतात, बोटं स्टिअरिंगवर ठेका धरतात. घरी हेच तर आपल्याला हवं असतं. गाडीत मात्र मन खिडकीबाहेर हवं.

तेव्हा गाडीसाठी निराळी यादी करा. मध्यलय, शब्द कमी, आवाज इतकाच की मागचा हॉर्न आणि रुग्णवाहिकेचा भोंगा स्पष्ट यावा. निघण्याआधी लावून टाका. चालत्या गाडीत गाणं बदलणं हा स्वतंत्र धोका आहे. गर्दीच्या वेळी रेडिओ केंद्रांनीही लय खाली आणावी, ही माझी कळकळीची विनंती आहे. एक गोष्ट मात्र संगीताकडून मागू नका. डोळे मिटायला लागले की लोक गाण्याचा आवाज वाढवतात. त्यानं थोडा वेळ तरतरी येते आणि झोप तिथेच असते. अशा वेळी गाडी सुरक्षित जागी बाजूला घ्या, गाणं बंद करा आणि पंधरा-वीस मिनिटं झोपा.